आधी थडगी, मग चर्च

आधी चर्च उभे राहावे आणि मग त्याच्या आवारात पिढ्यान्‌पिढ्या थडगी जमत जावीत, हा युरोपातला जुना शिरस्ता. वसईच्या किल्ल्यातल्या पडक्या चर्चमध्ये गेलात तरी तोच क्रम दिसतो. पोर्तुगीजांनी आधी भिंती उभारल्या आणि मग आपली माणसे फरशीखाली पुरली. सिडनीच्या न्यूटाउन उपनगरात मात्र हे उलटे घडले. तिथली कॅम्परडाउन दफनभूमी सुरू झाली १८४८ मध्ये. तिच्या मधोमध आज डौलाने उभ्या असलेल्या सेंट स्टीफन्स चर्चचा पाया घातला गेला १८७१ मध्ये, म्हणजे ही दफनभूमी भरून तिच्यावर बंदी आल्यानंतर. मेलेले आधी आले, प्रार्थना करणारे नंतर. असे का झाले हे पाहू लागलो की सिडनी शहर कसे वाढले, त्याने आपले मृत कसे पुन्हा पुन्हा वेशीबाहेर ढकलले आणि त्यातले कोण आठवणीत राहिले, याचा सगळा पटच उलगडतो.

ब्रिटिशांनी १७८८ मध्ये सिडनीच्या बंदरात कैद्यांची वसाहत वसवली. पहिल्या काही वर्षांत माणसे मिळेल तिथे पुरली जात. १७९२ मध्ये गावाबाहेर एक जागा ठरवण्यात आली. गाव वाढले तसे ते ‘बाहेर’ आत आले. १८२० मध्ये ती जागा बंद करून आणखी दक्षिणेला, डेव्हनशायर स्ट्रीटच्या वाळूच्या टेकड्यांवर नवी दफनभूमी उघडली. पहिल्या जागेवर पुढे सिडनीचा टाउन हॉल बांधला गेला आणि त्याच्या आसपास खोदकाम निघाले की अजूनही जुन्या कबरी हाती लागतात. दुसऱ्या जागेवर विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सेंट्रल रेल्वे स्टेशन आले. रोज लाखो लोक तिथे गाडी पकडतात. आपण कशावर उभे आहोत हे त्यातल्या फारच थोड्यांना ठाऊक असते.

१८४० च्या दशकात डेव्हनशायर स्ट्रीटही भरत आली. कैदी पाठवणे थांबले होते, पण स्वखुशीने येणाऱ्यांची रीघ लागली होती आणि शहरात पाणी, गटारे, स्वच्छता यांची बोंब होती. माणसे मरत होती आणि पुरायला जागा नव्हती. मुंबईतही पुढे हेच झाले. गिरगावालगतच्या सोनापूरची ख्रिस्ती दफनभूमी वस्तीत सापडली आणि १८६० च्या दशकात ती शिवडीला न्यावी लागली. फरक एवढाच की मुंबईत हा प्रश्न सरकारने सोडवला आणि सिडनीत त्यासाठी एक कंपनी निघाली.

दफनासाठी भागधारकांची कंपनी ही कल्पना आज विचित्र वाटेल, पण त्या काळच्या इंग्लंडमध्ये ती रूढ होती. लंडनच्या कडेने अशा खाजगी कंपन्यांनी मोठमोठ्या बागांसारख्या दफनभूमी उभारल्या होत्या. तोच कित्ता गिरवत इथे ‘सिडनी चर्च ऑफ इंग्लंड सिमेटरी कंपनी’ स्थापन झाली. नावाप्रमाणे ती अँग्लिकन, म्हणजे इंग्लंडच्या राजधर्माच्या अनुयायांसाठी होती. न्यू साउथ वेल्समध्ये मात्र हा पंथ आता एकटा राजमान्य उरलेला नव्हता. गव्हर्नर बोर्क याने १८३६ च्या कायद्याने कॅथलिक आणि प्रेस्बिटेरियन पंथांनाही सरकारी मदतीत वाटा दिला होता. अँग्लिकनांना आपली व्यवस्था आपण पाहण्याची सवय लावून घेणे भाग होते.

कंपनीने जी सुमारे १३ एकर जमीन घेतली तिचा पूर्वेतिहास रंजक आहे. ‘बाउंटी’ जहाजावरच्या बंडामुळे जगभर नाव झालेला विल्यम ब्लाय १८०६ मध्ये गव्हर्नर म्हणून सिडनीला आला. मावळता गव्हर्नर किंग याने त्याच्या नावावर ज्या जमिनी करून दिल्या त्यांत ही २४० एकरांची इनाम जमीन होती. पुढे ब्लायनेही गादीवर बसताच किंगच्या बायकोला जमीन देऊन परतफेड केली. सरकारी जमिनीची अशी आपसातली देवघेव आपल्याला काही नवी नाही! ब्लायने या जमिनीला ‘कॅम्परडाउन’ नाव दिले ते १७९७ च्या एका सागरी लढाईवरून. डचांविरुद्धच्या त्या लढाईत तो स्वतः एका युद्धनौकेचा कप्तान होता. आणि ज्या जमिनीवर हे सगळे नाट्य झाले ती मुळात गॅडिगल आदिवासींची होती. त्यांना यातल्या कुठल्याही व्यवहारात कोणी विचारले नाही. ब्लायच्या मुलीने मॉरिस ओकॉनेल या लष्करी अधिकाऱ्याशी लग्न केले, आणि तो पुढे ‘सर’ होऊन वसाहतीच्या फौजेचा प्रमुख झाला. १८४८ मध्ये तो वारला. त्याची कबर याच दफनभूमीत आहे, सासऱ्याच्या जमिनीत.

बिशप विल्यम ब्रॉटन यांनी जानेवारी १८४९ मध्ये जागेचा विधिवत अभिषेक केला. फाटकापाशी रखवालदारासाठी दगडी घर बांधले गेले आणि त्याच्या शेजारी वडाच्या कुळातले एक झाड लावण्यात आले. क्वीन्सलंडच्या मोरेटन बे भागातले हे झाड आपल्या वडासारखेच पसरते, फक्त पारंब्या कमी. १८४८ मध्ये लावलेले ते झाड अजून उभे आहे आणि त्याच्या फळीसारख्या उभ्या मुळांत दोन माणसे सहज आडोशाला बसतील. त्या दिवसांत इथे चर्च नव्हते. आजूबाजूला विटांच्या भट्ट्या, गुरांची कुरणे आणि विरळ वस्ती. सिडनीहून प्रेतयात्रा घोडागाडीने यायची, धर्मगुरू प्रार्थना म्हणायचा आणि सगळे परत जायचे.

सुरुवातीच्या पंधरा-वीस वर्षांत इथे जे आले त्यांत वसाहतीची नामांकित मंडळी होती. सर थॉमस मिचेल हा न्यू साउथ वेल्सचा सर्व्हेअर जनरल. स्पेनच्या युद्धात वेलिंग्टनच्या फौजेसाठी नकाशे काढून तो तयार झाला होता. इथे त्याने रस्ते आखले, पूल बांधवले, ऑस्ट्रेलियाच्या अंतर्भागात मोहिमा काढल्या. स्वभावाने मात्र भलताच तापट. १८५१ मध्ये, म्हणजे साठीला टेकलेला असताना, त्याने स्टुअर्ट डोनल्डसन या राजकारण्याशी पिस्तुलांचे द्वंद्व खेळले. एक गोळी डोनल्डसनच्या टोपीतून आरपार गेली, एवढ्यावरच भागले. तोच डोनल्डसन पाच वर्षांनी वसाहतीचा पहिला पंतप्रधान झाला. मिचेलला ते पाहायला मिळाले नाही. डोंगराळ मुलखात एका रस्त्याची मोजणी करताना त्याला थंडी बाधली आणि ऑक्टोबर १८५५ मध्ये त्याने देह ठेवला.

त्यानंतर तीनच महिन्यांनी आला निकोलस बोक्सा. हा फ्रेंच हार्पवादक एके काळी नेपोलियनच्या दरबारात वाजवत असे. मग खोट्या सह्यांच्या प्रकरणात अडकला, फ्रान्समधून पळाला आणि मागे त्याच्या गैरहजेरीत त्याला सक्तमजुरीची शिक्षा झाली. लंडनमध्ये त्याने रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकच्या स्थापनेत वाटा उचलला आणि १८३९ मध्ये हेन्री बिशप या संगीतकाराची पत्नी, गायिका अ‍ॅना बिशप, हिला घेऊन जगाच्या दौऱ्यावर निघून गेला. ‘होम, स्वीट होम’ या अजरामर गाण्याची चाल बांधणारा तो हाच हेन्री बिशप. ज्याने घराची महती जगाला गायला शिकवले त्याचेच घर असे मोडले! ही जोडी डिसेंबर १८५५ मध्ये सिडनीला पोहोचली, त्यांची एक मैफल झाली आणि ६ जानेवारी १८५६ ला बोक्सा वारला. अ‍ॅनाने त्याच्या कबरीवर हार्पसह शोक करणाऱ्या स्त्रीचे शिल्प उभारले. पुढे नासधूस करणाऱ्यांनी ते फोडले.

संगीतातलाच दुसरा माणूस आयझॅक नेथन. जन्माने ज्यू, लंडनमध्ये कवी बायरनच्या शब्दांना चाली लावून प्रसिद्ध झालेला. १८४१ मध्ये तो सिडनीत आला आणि १८४७ मध्ये त्याने ‘डॉन जॉन ऑफ ऑस्ट्रिया’ हा ऑपेरा रंगमंचावर आणला. ऑस्ट्रेलियात रचलेला हा पहिला ऑपेरा मानतात. त्याचा शेवट फार चमत्कारिक झाला. जानेवारी १८६४ मध्ये पिट स्ट्रीटवर घोड्यांच्या ट्राममधून उतरताना तो ट्रामखाली आला. दक्षिण गोलार्धातला ट्रामचा पहिला बळी म्हणून त्याचे नाव सांगितले जाते. विसाव्या शतकातला नामवंत वाद्यवृंद-संचालक चार्ल्स मॅकेरस हा त्याचाच वंशज.

पण कॅम्परडाउनला सिडनीच्या मनात जागा मिळाली ती यांच्यामुळे नाही. ती मिळाली एका जहाजामुळे.

‘डनबार’ हे लंडनच्या डंकन डनबार या मालकाचे देखणे प्रवासी जहाज. ३१ मे १८५७ ला ते प्लिमथहून निघाले. वर ६३ प्रवासी आणि ५९ खलाशी. प्रवाशांत सिडनीतल्या सुस्थितीतल्या घरांची माणसे होती, इंग्लंडची वारी करून मुलाबाळांसह घरी परतणारी. २० ऑगस्टच्या संध्याकाळी जहाज सिडनीच्या किनाऱ्याजवळ आले. (आपल्याकडे त्या वेळी दिल्लीला इंग्रजांचा वेढा पडलेला होता.) वारा सोसाट्याचा, पावसाने काही दिसेना. बंदराचे तोंड म्हणजे दोन उंच कड्यांमधली फट. कप्तान जेम्स ग्रीन या वाटेने आधीही आलेला होता. तरीही अंधारात त्याचा अंदाज चुकला आणि मध्यरात्रीच्या सुमारास जहाज दक्षिणेकडच्या कड्यावर आपटले. लाटांनी काही वेळातच त्याचे तुकडे केले. १२२ पैकी १२१ माणसे गेली.

एक वाचला. जेम्स जॉन्सन नावाचा तरुण खलाशी लाटेबरोबर कड्याच्या एका खाचेत फेकला गेला आणि तिथेच चिकटून राहिला. वर हजारो माणसे किनाऱ्यावर जमली होती, खाली फुटलेले लाकूड आणि प्रेते लाटांवर आदळत होती, आणि तो तिथे आहे हे कोणाला दिसत नव्हते. दोन रात्री काढल्यावर तो वरच्या लोकांच्या दृष्टीस पडला. एका तरुण आइसलँडरला दोराने खाली सोडले आणि त्याच दोराने जॉन्सनला वर ओढून घेतले. पुढे हाच जॉन्सन न्यूकॅसल बंदरात नोकरीला लागला. १८६६ मध्ये ‘कावारा’ हे जहाज त्या बंदराच्या तोंडाशी बुडाले. त्यातूनही एकच माणूस वाचला आणि त्याला पाण्यातून बाहेर काढणाऱ्यांत जॉन्सन होता. कादंबरीकाराने असे लिहिले तर वाचक भुवया उंचावतील. पण त्या वेळच्या वर्तमानपत्रांत हे छापलेले आहे.

डनबारच्या मृतांपैकी बहुतेकांची ओळख पटली नाही. शार्क आणि खडक यांनी काही शिल्लक ठेवले नव्हते. २४ ऑगस्टला सार्वजनिक अंत्ययात्रा निघाली. दुकाने, बँका बंद, बंदरातल्या जहाजांची निशाणे अर्ध्यावर. जॉर्ज स्ट्रीटच्या दुतर्फा सुमारे वीस हजार माणसे उभी होती असे वर्णन आहे. तेव्हा सिडनीची लोकसंख्या लाखाच्या आतच होती. म्हणजे शहरातल्या प्रत्येक घरातून कोणी ना कोणी आलेच असणार. शववाहू गाड्यांची रांग न्यूटाउनपर्यंत आली आणि ते अवशेष कॅम्परडाउनमध्ये एकाच मोठ्या थडग्यात ठेवले गेले.  अपघाताची चौकशी झाली आणि बंदराच्या दक्षिण तोंडाशी दुसरे दीपगृह बांधण्याचा निर्णय झाला. १८५८ मध्ये उजळलेले ते तांबड्या-पांढऱ्या पट्ट्यांचे हॉर्नबी दीपगृह आजही चालू आहे.

इथपर्यंत सांगितलेली नावे दगडावर कोरलेली आहेत म्हणून सांगता येतात. या दफनभूमीत पुरलेल्यांची एकूण संख्या सुमारे १८,००० धरली जाते आणि त्यांतला फार मोठा हिस्सा दगडाविना गेला. कंपनीने अँग्लिकन गोरगरिबांच्या दफनाचेही काम घेतले होते. रुग्णालयातले बेवारस, अनाथालयातली मुले, गल्लीबोळातले मजूर, बंदरावर आजारी पडलेले खलाशी. यांच्यासाठी एक खड्डा, त्यात एकावर एक पेट्या आणि वर माती. १८६६-६७ च्या गोवराच्या साथीत लहान मुलांच्या पेट्यांची रांगच लागली. ज्यांच्याकडे पैसा होता त्यांनी जागा विकत घेतली, कठडा घातला, संगमरवर लावला. बाकीचे नुसते नोंदवहीत राहिले.

क्वचित कोणी दोन्ही जगे पाहिलेले असे. बाथशीबा घोस्ट ही बाई इंग्लंडातून शिक्षा भोगायला कैदी म्हणून आली आणि चढत चढत सिडनी इन्फर्मरी या सरकारी रुग्णालयाची मेट्रन झाली. १८६६ मध्ये ती वारली आणि कॅम्परडाउनला पुरली गेली. आडनाव ‘घोस्ट’ असल्यावर काय व्हायचे! ती रात्रीची दफनभूमीत फिरते ही वदंता न्यूटाउनमध्ये पुढे कितीतरी वर्षे टिकली. फ्लोरेन्स नाइटिंगेलने पाठवलेल्या परिचारिका त्या रुग्णालयात दाखल व्हायच्या दोनच वर्षे आधी ही बाई गेली. वसाहतीतल्या जुन्या रुग्णसेवेचा काळ तिच्याबरोबर संपला, असे म्हटले तर फारसे चूक नाही.

दरम्यान रेल्वे आली. सिडनी ते पॅरामाटा ही वसाहतीची पहिली लोहमार्गाची वाट सप्टेंबर १८५५ मध्ये सुरू झाली आणि तिच्यावर न्यूटाउनला स्टेशन मिळाले. जिथे घोडागाडीने जायला वेळ लागे तिथे आता मिनिटांत जाता येऊ लागले. जमिनीचे तुकडे पडले, चाळीसारख्या एकमेकींना चिकटलेल्या घरांच्या रांगा उठल्या आणि १८६२ मध्ये न्यूटाउनची स्वतंत्र नगरपालिका झाली. शहराबाहेर म्हणून निवडलेली दफनभूमी पंधरा वर्षांत वस्तीच्या मधोमध आली. उथळ खड्ड्यांतल्या दफनांचा वास घराघरात शिरू लागला. रहिवाशांनी तक्रारी केल्या, अर्ज गेले, विधिमंडळाच्या समितीपुढे साक्षी झाल्या. कंपनी नफा-तोट्याच्या हिशेबाने चालणारी. तिला नवे खड्डे हवे होते, शेजाऱ्यांना नको होते. अखेर १८६० च्या दशकाच्या शेवटी नव्या जागांची विक्री बंद झाली. ज्यांची कुटुंबाची जागा आधीच घेतलेली होती त्यांनाच पुढे दफन करता आले, आणि असे तुरळक दफन विसाव्या शतकापर्यंत चालू राहिले. शहराने आपल्या मृतांसाठी तिसऱ्यांदा नवे ‘बाहेर’ शोधले. ते म्हणजे पश्चिमेला रूकवुड, १८६७ पासून. तिथे तर प्रेते आगगाडीने जात. रेडफर्नजवळ खास त्यासाठी गॉथिक घाटाचे स्टेशन बांधले होते आणि ते अजून आहे.

आणि मग चर्च आले. न्यूटाउनचे सेंट स्टीफन्स हे आधीचे चर्च वाढत्या वस्तीला अपुरे पडू लागले होते. नव्या चर्चसाठी मोठी मोकळी जागा हवी होती, आणि वस्तीने गच्च भरलेल्या उपनगरात अशी जागा एकच उरली होती. १८७१ मध्ये पायाभरणी झाली, १८७४ मध्ये चर्च उपासनेसाठी खुले झाले. आराखडा एडमंड ब्लॅकेटचा. हा १८४२ मध्ये सिडनीला आला, काही वर्षे वसाहतीचा सरकारी वास्तुविशारद होता आणि सिडनी विद्यापीठाची मुख्य इमारत, सेंट अँड्र्यूज कॅथेड्रल अशी शहराची ओळख ठरलेली कामे त्याच्या नावावर आहेत. लहान गावांतली चर्चेही त्याने डझनांनी बांधली. सेंट स्टीफन्सच्या वेळी तो पन्नाशी ओलांडून गेलेला होता आणि हात मुरलेला होता.

हे चर्च मध्ययुगीन इंग्रजी गॉथिक शैलीतले. सिडनीच्या पिवळसर वालुकाश्माचे दगड, कमानी टोकदार, खिडक्यांच्या जाळ्या दगडातच कोरलेल्या. बाजूच्या मनोऱ्यावर दगडी शिखर आहे. आत लंडनच्या वॉकर कंपनीने चर्चबरोबरच बनवून पाठवलेला ऑर्गन आहे आणि तो अजून वाजतो. मुंबईकराला कुलाब्याचे अफगाण चर्च आठवेल. तेही इंग्रजांनी गावाबाहेर, हिरव्यागार आवारात, इंग्लंडच्या एखाद्या खेड्यातून उचलून आणून ठेवल्यासारखे बांधले. फक्त अफगाण चर्च हे सुरुवातीपासूनच सैनिकांचे स्मारक म्हणून बांधलेले होते. सेंट स्टीफन्स हे चालत्याबोलत्या उपनगराचे चर्च. लग्ने, बारसी, रविवारची शाळा, गायनाचा सराव. आजूबाजूला थडगी होती म्हणून काही हे थांबले नाही.

माझ्या मते या दफनभूमीच्या इतिहासातला सगळ्यात मोठा टप्पा हाच आहे. १८७० नंतर ती तशीच ओसाड राहिली असती तर डेव्हनशायर स्ट्रीटप्रमाणे तिच्यावरही एखादे स्टेशन, कारखाना किंवा घरांच्या रांगा उठल्या असत्या. चर्च आल्यामुळे तिथे दर आठवड्याला माणसे येऊ लागली, आणि जागेला कोणीतरी वाली मिळाला.

न्यूटाउनमधल्या सगळ्यात गाजलेल्या कबरीची मालकीण याच चर्चच्या परगण्यात राहत होती. एलायझा एमिली डॉनिथॉर्नचे वडील जेम्स ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत बंगालमध्ये टांकसाळीचे प्रमुख आणि न्यायाधीश होते. निवृत्तीनंतर ते सिडनीला आले आणि १८५२ मध्ये वारून कॅम्परडाउनला पुरले गेले. गोष्ट अशी सांगतात: एलायझाचे लग्न ठरले, घरी मेजवानी मांडली, पाहुणे जमले, पण नवरदेव आलाच नाही. तिने ती मेजवानी तशीच कुजू दिली, दरवाजा साखळीने जेमतेम किलकिला ठेवला आणि घराबाहेर पाऊल टाकले नाही. १८८६ मध्ये ती वारली. डिकन्सच्या ‘ग्रेट एक्स्पेक्टेशन्स’मधली मिस हॅव्हिशॅम हिच्यावरूनच बेतली, असे सिडनीत शंभरेक वर्षे छातीठोकपणे सांगितले जाते.

यातले काय खरे? लग्नाचे साल सांगणारा बदलला की बदलते. कादंबरी छापून आली १८६०-६१ मध्ये. डिकन्सचे दोन मुलगे ऑस्ट्रेलियात आले ते १८६५ आणि १८६८ ला, म्हणजे त्यांच्याकडून त्याला हे कळले असणे शक्य नाही. न्यू साउथ वेल्सबद्दल डिकन्स बरेच वाचत असे आणि त्याच कादंबरीतला मॅग्विच हा तिथून पैसा कमावून परतलेला कैदी आहे, एवढे खरे. पण त्यावरून एलायझापर्यंत धागा पोहोचत नाही. कादंबरीच्या प्रसिद्धीनेच एका एकलकोंड्या बाईची गोष्ट रंगवली, असे मला वाटते. तिच्या मृत्युपत्राबद्दल मात्र वाद नाही. त्यात तिने प्राण्यांवरच्या क्रूरतेविरुद्ध काम करणाऱ्या संस्थेला ५० पौंड ठेवले आणि आपल्या सहा जनावरांसाठी वर्षाला प्रत्येकी पाच पौंड. पक्ष्यांचीही सोय केली. मेजवानीच्या गोष्टीपेक्षा ही बाई मला या कलमातून जास्त कळते. २००४ मध्ये कोणी तिचा दगड फोडला तेव्हा तो दुरुस्त करण्यासाठी लोक लगेच पुढे आले. त्यामागे डिकन्सचाच हात, दुसरे काय!

विसाव्या शतकाबरोबर दफनभूमीची दुर्दशा सुरू झाली. नवे दफन नाही म्हणजे उत्पन्न नाही. विश्वस्तांकडे गवत कापायलाही पैसे पुरेनात. कठडे गंजले, दगड कोसळले, कंबरभर तणात वाटा हरवल्या. महामंदीच्या काळात न्यूटाउन गरीब कामगारांची वस्ती होते. पोरांना खेळायला दुसरे मैदान नव्हते, मग ती इथेच खेळत. या काळात पर्सी ग्लेडहिल या इतिहासप्रेमी गृहस्थाने जागेचा पिच्छा पुरवला. त्याने शिलालेख उतरवून घेतले, व्याख्याने दिली आणि १९४६ मध्ये फेरफटक्याच्या रूपात दफनभूमीचा इतिहास लिहिला. ‘रेंजर्स लीग’ या संस्थेने इथे पुरलेल्या मोगो, विल्यम पेरी, वँडेलिना आणि टॉमी या चार आदिवासींच्या स्मरणार्थ एक दगडी स्तंभ उभारला. ज्यांची जमीन होती त्यांचे नाव या जागेत कोरले जायला जवळजवळ शंभर वर्षे लागली.

त्याच १९४६ सालच्या जूनमध्ये एक भयंकर प्रकार घडला. शेजारच्या वस्तीतल्या अकरा वर्षांच्या मुलीचा खून झाला आणि तिचा मृतदेह दफनभूमीच्या गवतात सापडला. सगळे शहर हादरले. इतकी वर्षे कोणाला न दिसलेले तण एका दिवसात वर्तमानपत्रांच्या पहिल्या पानावर आले. ही जागा साफ करा, सपाट करा, मुलांना मैदान द्या, अशी मागणी जोर धरू लागली. दोन वर्षांनी, १९४८ मध्ये, कायदा झाला. चर्चभोवतीचे सुमारे चार एकर तेवढे दफनभूमी म्हणून राहिले, आणि उरलेली जमीन सार्वजनिक बाग झाली. तिचे नाव कॅम्परडाउन मेमोरियल रेस्ट पार्क. बागेच्या हद्दीतले शिलालेख उचलून आत आणले आणि चार एकरांभोवती नव्याने बांधलेल्या भिंतीला टेकवून उभे केले. मृतांना मात्र कोणी हलवले नाही. ते जिथे होते तिथेच, बागेच्या हिरवळीखाली आहेत.

या निर्णयावर तेव्हाही टीका झाली आणि आजही होते. मला तो आडमुठा पण समंजस वाटतो. दाटीवाटीच्या उपनगराला मैदान मिळाले, चर्चला सांभाळता येईल एवढी जागा राहिली, दगड वाचले. किंमत ही की दगड आणि माणूस यांची ताटातूट झाली. भिंतीला टेकलेल्या शेकडो शिलालेखांपैकी कोणाची कबर कुठे होती हे आता जागेवरून कळत नाही. एक अनपेक्षित लाभही झाला. चर्च आणि रखवालदाराचे घर सोडले तर भिंतीच्या आत कधी नांगर फिरला नाही की बांधकाम झाले नाही, त्यामुळे ब्रिटिश येण्याआधी सिडनीच्या या भागात उगवणारे देशी कांगारू गवत थडग्यांच्या मधून अजून वाढते. वनस्पतिशास्त्राच्या अभ्यासकांना शहराच्या मध्यात असा तुकडा दुसरीकडे सहज सापडत नाही.

पुढे न्यूटाउनचा कायापालट झाला. कामगार गेले, विद्यार्थी आणि कलाकार आले, मग उपाहारगृहे आणि मग चढे भाडे. सेंट स्टीफन्समध्ये रविवारची उपासना चालूच आहे. चर्च आणि दफनभूमी दोन्ही राज्याच्या वारसा यादीत आहेत. सिडनीत मुलगा-सून किंवा लेक-जावई असलेले मराठी वाचक आता पुष्कळ आहेत. तिकडे गेलात तर न्यूटाउन स्टेशनवर उतरा, किंग स्ट्रीटच्या गर्दीतून चर्च स्ट्रीटला वळा. ते जुने झाड आणि त्याच्या शेजारचे रखवालदाराचे घर फाटकातच दिसेल. डॉनिथॉर्नची कबर कोणीही दाखवील, डनबारचे थडगे शोधावे लागत नाही. गरिबांच्या खड्ड्यांच्या बाबतीत १९४८ च्या कायद्याने काहीच बदलले नाही, कारण उचलून भिंतीला टेकवायला त्यांच्यावर दगडच नव्हते. त्यांची नावे आहेत ती दफनाच्या नोंदवह्यांत, तारीख आणि वयासह. पणजोबा-खापरपणजोबांचा माग काढणारी ऑस्ट्रेलियन मंडळी आज दगडांऐवजी त्याच नोंदवह्या चाळतात.